सुपरमार्केटला दिलेलं मदतीचं पत्र कुठे अडतं? कोल्हापुरातल्या छोट्या संस्थांसाठी

"ताई, तुम्हाला कसं जमलं ते सांगा की. आम्ही तीन पत्रं दिली, पोच पण घेतली, पुढं काहीच नाही." असा फोन मला महिन्यातून एकदा तरी येतो. कधी वृद्धाश्रमातून, कधी मुलींच्या वसतिगृहातून, कधी मतिमंद मुलांच्या शाळेतून. अडचण प्रत्येक वेळी जवळपास तीच असते. म्हणून एकदा सगळं सविस्तर लिहून ठेवते.

आमची संस्था लहान आहे. सीपीआर या इथल्या सरकारी रुग्णालयात दाखल असलेल्या पेशंटच्या नातेवाइकांना आम्ही संध्याकाळचं जेवण देतो. राधानगरी, गगनबावडा, शाहूवाडी, तळकोकण, सीमाभाग अशा ठिकाणांहून माणसं येतात. पेशंट वॉर्डात आणि सोबतचा माणूस व्हरांड्यात, खिशात परतीच्या एसटीपुरते पैसे. रोजची सरासरी १२० पानं होतात. भात, आमटी, भाजी. भाकरी जमली तर. तांदूळ ओळखीच्या शेतकरी कुटुंबांकडून येतो. तूरडाळ आणि तेल यांचं मात्र दर महिन्याला कोडं असायचं.

पहिली दोन वर्षं आम्हालाही कुठल्याच मोठ्या दुकानानं काही दिलं नाही. शहरातल्या एका मार्टमध्ये मी चौथ्यांदा गेले, तेव्हा मॅनेजरनी केबिनमध्ये बसवलं, चहा सांगितला आणि टेबलाचा खालचा खण उघडला. आत रबरबँड लावलेला पत्रांचा गठ्ठा. मंडळांची वर्गणी, शाळेचं गॅदरिंग, क्रिकेट स्पर्धेचा चषक, रक्तदान शिबिर, बालगृह, आणि मधे कुठेतरी आमची तीन पत्रं. ते म्हणाले, "मॅडम, मी कागलचा. वडील ॲडमिट होते तेव्हा मी पण त्या व्हरांड्यात झोपलोय. पण इथली एक किलो साखर अशी उचलून द्यायची पॉवर मला नाही बघा. बारकोड मारल्याशिवाय दारातनं काही बाहेर जात नाही. बरं, हे मुंबईला हेड ऑफिसला पाठवायचं म्हटलं तर कुणाला पाठवू? तुमच्या पत्रात 'शक्य ती मदत करावी' एवढंच लिहिलंय."

त्या दिवशी मला कळलं की त्या माणसाची द्यायची इच्छा होती, पण त्याच्या हातात पुढे सरकवण्यासारखा कागदच आम्ही दिला नव्हता.

दुकान बाहेरून एकच दिसतं. आत मदत द्यायचे खिसे मात्र वेगवेगळे असतात आणि प्रत्येक खिशात हात घालायचा अधिकार वेगळ्या माणसाला असतो. सीएसआरचा, म्हणजे कंपनीनं सामाजिक कामासाठी काढून ठेवलेला पैसा मुख्य कार्यालयातली समिती ठरवते. जाहिरातीचा पैसा मार्केटिंगवाले. दुकानातला माल हा स्टॉक, त्यावर हिशेब विभागाची आणि ऑडिटची नजर. शाखेच्या मॅनेजरच्या हातात उरते ती जागा, ओळख, येणारी गिऱ्हाइकं आणि चांगला भाव. आपण "शक्य ती मदत" म्हणतो तेव्हा यातल्या एकाही खिशावर बोट ठेवत नाही. खाली लिहिलेल्या बहुतेक तक्रारी इथूनच सुरू होतात.

"पत्र दिलं, पोच मिळाली, पुढे शांतता"

पत्र काढून पुन्हा वाचा. पहिल्या चार ओळींत काय मागितलंय, किती, कधीपर्यंत आणि कशासाठी हे सापडतं का? बहुतेक पत्रांत पहिला परिच्छेद संस्थेच्या स्थापनेचा, दुसरा अध्यक्षांचा, तिसरा पुरस्कारांचा आणि शेवटच्या ओळीत "सढळ हाताने मदत" अशी विनंती असते. वाचणाऱ्याला दिवसभरात असे दहा कागद येतात. त्याला आकडा लागतो, कारण वरच्याला विचारताना तो आकडाच सांगणार असतो.

आकडा अंदाजानं लिहू नका, स्वयंपाकघरातून काढा. आमचा असा निघाला: माणशी तूरडाळ ३० ग्रॅम, म्हणजे १२० पानांना रोज ३.६ किलो. महिन्यात २६ दिवस चूल पेटते, म्हणजे सुमारे ९४ किलो. तीन महिन्यांचे २८० किलोच्या आसपास. हा हिशेब पत्रातच लिहिला. नंतर मुख्य कार्यालयातून जो फोन आला, त्यात बाईंनी पहिला प्रश्न विचारला तो या ३० ग्रॅमबद्दल, "एवढ्यात भागतं का?" म्हणजे पत्र वाचलं गेलं होतं.

आम्ही चालवलेलं पत्र साधारण असं आहे. आपल्या आकड्यांनी बदलून घ्या.

"मा. शाखा व्यवस्थापक यांस,

विषय: जुलै ते सप्टेंबर या तीन महिन्यांसाठी ३० किलोचे तूरडाळीचे १० कट्टे मिळणेबाबत.

महोदय, सीपीआर रुग्णालयातील रुग्णांच्या नातेवाइकांना आमची संस्था रोज सरासरी १२० जणांचे संध्याकाळचे जेवण विनामूल्य देते. त्यासाठी तीन महिन्यांत सुमारे २८० किलो तूरडाळ लागते. तांदूळ, गॅस व भाजी यांची सोय संस्थेने केली आहे. डाळीची सोय नाही. ती आपल्याकडून व्हावी ही विनंती. माल आम्ही आमच्या वाहनाने नेऊ. वापराचा हिशेब दर महिन्याच्या ५ तारखेपर्यंत देऊ. हे आपल्या अधिकारात नसल्यास ज्या विभागाकडे अर्ज करावा त्याचे नाव व ई-मेल कळवावा. सोबत कागदपत्रे जोडली आहेत."

शेवटून दुसरं वाक्य गाळू नका. आमची अडलेली गाडी त्या एका वाक्यानं निघाली. मॅनेजरला "नाही" म्हणायला जड जातं, म्हणून तो गप्प राहतो. पुढचा पत्ता सांगणं त्याला सोपं असतं आणि तो आनंदानं सांगतो. मुख्य कार्यालय मुंबईला, पुण्याला किंवा बंगळुरूला असेल तर याच मजकुराचं एक पानी इंग्रजी पत्र सोबत जोडा. मराठीवरच्या प्रेमात काही उणं येत नाही, पण तिकडे वाचणारा माणूस कोण असेल ते आपल्याला माहीत नसतं.

कधी द्यायचं? शनिवार-रविवार, महिन्याची पहिली तारीख ते दहा तारीख आणि गणपतीपासून दिवाळीपर्यंत दुकानात कुणाला मान वर करायला वेळ नसतो. महिन्याच्या तिसऱ्या आठवड्यात, मंगळवारी किंवा बुधवारी, सकाळी दुकान उघडल्यावर अर्ध्या तासानं जा. आणि हातात माल हवा असेल त्याच्या निदान दोन महिने आधी.

"कागद अपुरे आहेत म्हणून परत आलं"

इथे कोल्हापुरातल्या निम्म्या संस्था अडकतात असं मी अनुभवावरून म्हणते. खरं तर हा सगळ्यात आधी दुरुस्त करायचा भाग आहे.

आमचं पत्र एकदा हिशेब विभागातून परत आलं. त्यावर पेन्सिलनं एका नावाभोवती गोल केलेला होता आणि शेजारी फक्त प्रश्नचिन्ह. ते नाव माझं होतं. पत्रावर सचिव म्हणून माझी सही, पण जोडलेल्या परिशिष्ट एकच्या उताऱ्यात (धर्मादाय कार्यालयातल्या संस्थेच्या नोंदीची प्रत, त्यात विश्वस्तांची नावं असतात) सचिव म्हणून आमच्या आधीच्या सचिवांचं नाव. ते वारून दीड वर्ष झालं होतं. आम्ही ठराव केला होता, मिनिट बुकात लिहिलं होतं, पण धर्मादाय आयुक्त कार्यालयात बदल अर्ज दिलाच नव्हता. विश्वस्त बदलले की ९० दिवसांत महाराष्ट्राच्या विश्वस्त व्यवस्था कायद्याच्या कलम २२ प्रमाणे बदल अर्ज द्यावा लागतो हे आम्हाला माहीत होतं. करू म्हणत राहून गेलं.

बाहेरच्या माणसाच्या नजरेनं बघा: ज्याला तो ओळखत नाही अशी एक बाई, जिचं नाव सरकारी उताऱ्यावर नाही, ती संस्थेच्या नावानं माल मागतेय. त्यानं परत पाठवलं यात त्याचं काहीच चुकलं नाही. उशीर झाला असला तरी विलंब माफीच्या अर्जासह बदल अर्ज दाखल करा. निर्णय यायला वेळ लागतो. तोपर्यंत अर्ज दाखल केल्याची पोच, ठरावाची प्रत आणि उताऱ्यावर नाव असलेल्या एखाद्या विश्वस्ताची सही असं तिन्ही जोडा. आम्ही तसंच केलं आणि चाललं.

बाकी फाइलमध्ये काय हवं: नोंदणी प्रमाणपत्र, परिशिष्ट एकचा ताजा उतारा, संस्थेची घटना म्हणजे नियमावली, संस्थेचं पॅन, मागच्या तीन वर्षांचे लेखापरीक्षित ताळेबंद, संस्थेच्या नावाच्या खात्याचा रद्द केलेला चेक, आयकराची १२एबी (संस्थेच्या उत्पन्नाला करसवलत) आणि ८०जीची (देणगीदाराला करसवलत) प्रमाणपत्रं, नीती आयोगाच्या दर्पण पोर्टलचा क्रमांक. आयकराच्या प्रमाणपत्रांवरची मुदत वाचा. तात्पुरती नोंदणी तीन वर्षांची असते, आणि "आम्हाला ८०जी आहे" म्हणणाऱ्या किती तरी संस्थांची ती संपलेली असते. जेवण किंवा धान्य वाटत असाल तर अन्न सुरक्षेची, म्हणजे एफएसएसएआयची नोंदणीही करून घ्या. ती बघितल्यावर दुकानवाल्याच्या चेहऱ्यावरचा ताण कमी होतो.

ज्यांची नोंदणीच नाही अशा तरुण मंडळांनी आणि महिला गटांनी एखाद्या नोंदणीकृत संस्थेच्या नावावर, तिच्या पावतीनं आणि तिच्याच खात्यातून काम करावं. त्याच विश्वस्त व्यवस्था कायद्यात कलम ४१सी आहे. नोंदणी नसताना धर्मादाय कामासाठी लोकांकडून पैसे गोळा करायला त्याप्रमाणे परवानगी घ्यावी लागते. कुणाच्या वैयक्तिक यूपीआयवर पैसे मागवू नका. हेतू कितीही चांगला असला तरी पुढे उत्तर देता येत नाही.

"८०जीचा लाभ मिळेल असं लिहिलं, तरी अकाउंट्सनं नकार दिला"

"तरी" नव्हे, बहुधा त्या ओळीमुळेच नकार आला. हे नीट समजून घ्या, कारण जवळजवळ प्रत्येक पत्रात ही ओळ असते.

८०जीची सवलत फक्त पैशाच्या देणगीला आहे. डाळ, तेल, वह्या, ब्लँकेट अशा वस्तूंच्या देणगीला ती मिळत नाही. रोख दोन हजार रुपयांच्या वर दिली तर तिलाही नाही. शिवाय कित्येक कंपन्यांनी २२ टक्क्यांच्या कमी कराचा पर्याय घेतलेला आहे, आणि तो घेतला की ८०जीची वजावट त्यांना उरतच नाही. (२०२५ च्या नव्या आयकर कायद्यात कलमांचे क्रमांक बदलले आहेत, पण बोलताना सगळे अजून ऐंशी-जीच म्हणतात.) आता डाळीचे कट्टे मागणाऱ्या पत्रात "आपणांस ८०जीची सूट मिळेल" असं हिशेबनिसानं वाचलं की त्याला वाटतं, या संस्थेला आपले कागदही कळत नाहीत. तो पुढचं वाचत नाही.

दुसरी गोष्ट जीएसटीची. दुकान माल विकत घेतं तेव्हा भरलेल्या जीएसटीचं क्रेडिट घेतं, म्हणजे तेवढा कर पुढे स्वतः भरायच्या करातून वजा करतं. तोच माल फुकट दिला तर केंद्रीय जीएसटी कायद्याच्या कलम १७(५) प्रमाणे ते क्रेडिट परत करावं लागतं. म्हणजे शंभर रुपयांचा माल द्यायचा तर वर कराचाही भुर्दंड, आणि हिशेबात वेगळी नोंद. मॅनेजर हे तोंडानं सांगत नाही. "सिस्टीममध्ये बसत नाही" एवढंच म्हणतो.

यातून दोन वाटा निघतात आणि दोन्ही आम्ही चाललोय.

एक, माल असा मागा ज्यात ही भानगड कमी. पाकीटबंद, लेबल लावलेल्या २५ किलोपर्यंतच्या डाळ-तांदळावर १८ जुलै २०२२ पासून ५ टक्के जीएसटी आहे. त्याहून मोठ्या कट्ट्यावर किंवा सुट्या धान्यावर नाही. म्हणून आमच्या पत्रात "३० किलोचे कट्टे" असा शब्द आहे. हे मला लक्ष्मीपुरीतल्या एका धान्य व्यापाऱ्यानं शिकवलं. पत्र वाचून ते म्हणाले, "एक-एक किलोची पाकिटं कशाला मागताय? तुम्हाला तर पातेल्यातच ओतायचीय. कट्टा मागा, द्यायला सोपा जातो." पाकिटांऐवजी कट्टा लिहिल्यावर त्याच हिशेब विभागानं होकार दिला.

दुसरी वाट म्हणजे मालाऐवजी पैसे मागणं. कंपनीनं संस्थेच्या खात्यात देणगी द्यावी आणि संस्थेनं माल विकत घ्यावा. बिल मिळतं, पावती सरळ निघते, आणि ज्याला सवलत लागू आहे त्याला ती मिळते. फक्त मग आपलं कामही वाढतं: दरवर्षी ३१ मेपर्यंत देणग्यांचं विवरण आयकर खात्याकडे भरून देणगीदाराला प्रमाणपत्र द्यावं लागतं. सीए फुकट करून देतो म्हणाला तरी त्याला एप्रिलमध्येच यादी द्या.

"सीएसआरकडून 'धोरणात बसत नाही' असं उत्तर आलं"

मागच्या वर्षी ज्या कंपनीची निव्वळ मालमत्ता निदान ५०० कोटी किंवा उलाढाल निदान १००० कोटी किंवा निव्वळ नफा निदान ५ कोटी रुपये होता, तिला २०१३ च्या कंपनी कायद्याच्या कलम १३५ प्रमाणे मागच्या तीन वर्षांच्या सरासरी नफ्याच्या २ टक्के रक्कम सामाजिक कामावर खर्च करावी लागते. भूक आणि कुपोषण हटवणं हे कायद्यानं दिलेल्या कामांच्या यादीतलं पहिलंच काम आहे. मग "बसत नाही" कशात?

बहुधा तीनपैकी एक कारण असतं. पहिलं: आपण वस्तू मागितलेली असते. सरकारनं ऑगस्ट २०२१ च्या खुलाशात सांगितलंय की सीएसआर म्हणजे खर्च. वस्तू देऊन तिची किंमत सीएसआरमध्ये दाखवता येत नाही. म्हणून सीएसआरकडे डाळ मागू नका, प्रकल्पाचा खर्च मागा. त्या पैशातून माल त्याच कंपनीच्या दुकानातून घेऊ असं स्वतःहून लिहूही नका. त्यांच्या ऑडिटरला ते खटकतं.

दुसरं: आपण लिहिलेलं असतं, "आपल्या कंपनीचा भव्य फलक प्रवेशद्वारावर लावू." जाहिरातीच्या फायद्यासाठी दिलेलं प्रायोजकत्व सीएसआरमध्ये धरता येत नाही. फलकाची ओळ घालायची असेल तर ते पत्र मार्केटिंगला द्या, सीएसआरच्या पत्रातून ती काढा. दोन खिशांची एकच चिठ्ठी केली की दोन्हीकडून परत येते.

तिसरं: सीएसआर-१ ची नोंदणी नसते. १ एप्रिल २०२१ पासून कंपन्यांना संस्थेमार्फत काम करायचं असेल तर त्या संस्थेची कंपनी व्यवहार मंत्रालयाकडे ही नोंदणी लागते. आमच्यासारख्या खासगी संस्थेला त्यासाठी १२एबी आणि ८०जी हवं, आणि तशाच कामाचा निदान तीन वर्षांचा अनुभव. कालच सुरू झालेल्या संस्थेनं इथे वेळ घालवू नये, आधी पुढचे मार्ग बघावेत.

कायद्याचं एक वाक्य मात्र आपल्या बाजूचं आहे: कंपनी जिथे काम करते त्या भागाला प्राधान्य द्यावं. मुंबईत बसलेल्या समितीला कोल्हापुरात आपली दुकानं आहेत हे आठवून द्या. त्या दुकानात काम करणारी पोरं याच जिल्ह्यातली आहेत, आणि त्यांचे आईवडीलही आजारी पडले की इथल्याच व्हरांड्यात बसतात, हेही लिहा. समितीचा वर्षाचा आराखडा आर्थिक वर्षाच्या सुरुवातीला ठरतो, तेव्हा अर्ज जानेवारी-फेब्रुवारीत पोहोचायला हवा. ऑगस्टमध्ये पाठवलेला अर्ज चांगला असूनही पडून राहतो.

"एक्सपायरी जवळ आलेला माल तरी द्या म्हटलं, तोही नाही म्हणाले"

मला आधी याचा राग यायचा. फेकतील पण देणार नाहीत, असं वाटायचं. प्रत्यक्षात कंपन्यांच्या बिस्किटांचा, मसाल्यांचा, साबणाचा मुदत सरत आलेला माल बऱ्याचदा वितरकाकडे परत जातो आणि दुकानाला त्याचे पैसे मिळतात. म्हणजे तो माल द्यायचा हक्कच दुकानाचा नसतो. जे धान्य दुकान स्वतः पोत्यानं घेऊन स्वतःच्या नावानं पाकीट करतं, त्यावर हक्क त्याचा. मागायचं ते तिथलं.

आणि मुदत संपलेला माल कुणी दिला तरी घेऊ नका. शिल्लक अन्नाच्या वाटपासाठी अन्न सुरक्षा प्राधिकरणाचे २०१९ चे नियम आहेत आणि जबाबदारी वाटणाऱ्यावरही येते. पाकिटावर "एक्सपायरी" किंवा "यूज बाय" ही तारीख असेल तर ती शेवटची. "बेस्ट बिफोर" ही चव-दर्जाची तारीख, पण आम्ही तीही ओलांडत नाही. पंधरा दिवस शिल्लक नसतील तर नम्रपणे नाही म्हणतो. एकदा भिजून सुकलेला रवा आला होता, वरून ठीक दिसत होता. चाळणीला लावला तेव्हा गाठी आणि जाळी निघाली. तो सगळा रवा टाकला आणि त्या दिवसापासून माल उतरवून घेताना प्रत्येक कट्ट्यातून एक मूठ परातीत काढून बघतो, मगच पोच देतो. आजारी माणसाजवळ रात्रभर बसणाऱ्याला आपण जेवू घालतोय, त्याचं पोट बिघडलं तर त्या पेशंटकडे बघायला कुणी नाही.

"मॅनेजर भला माणूस आहे, पण त्याच्या हातात काही नाही"

आहे. दाराजवळची चार फूट जागा त्याच्या हातात आहे.

कागलच्या त्या मॅनेजरनी आम्हाला बिलिंग काउंटर ओलांडल्यावर एक टोपली ठेवायला दिली, शनिवार-रविवार, संध्याकाळी ५ ते ९. गिऱ्हाईक स्वतःच्या बिलात एखादी वस्तू घेतं आणि जाताना टोपलीत टाकतं. दुकानाचा माल विकला गेला, जीएसटीचा प्रश्न नाही, कुणाची परवानगी मुंबईहून आणायची नाही. पहिल्या शनिवारी टोपलीत बिस्किटांचे पुडे आणि नूडल्स जमले, कारण आम्ही फक्त "गरजूंसाठी" असं लिहिलं होतं. दुसऱ्या आठवड्यात पुठ्ठ्यावर मोठ्या अक्षरात लिहिलं: "आज हवं: तूरडाळ, तेल, शेंगदाणे. सीपीआरमधल्या नातेवाइकांच्या जेवणासाठी." रात्री नऊला ३१ किलो डाळ होती.

त्या संध्याकाळी एका आजींनी बिल दिलं, पुठ्ठा वाचला, पिशवी माझ्याजवळ ठेवून परत आत गेल्या आणि पाव किलो शेंगदाण्यांचं पाकीट घेऊन आल्या. पुन्हा रांगेत उभ्या राहिल्या होत्या. म्हणाल्या, "आमटीत कूट घाला, घट्ट होते."

टोपली एकटी ठेवू नका. दोन स्वयंसेवक, संस्थेचं ओळखपत्र, उताऱ्याची लॅमिनेट केलेली प्रत आणि वही. कुणाला अडवायचं नाही, गयावया करायची नाही, विचारलं तर सांगायचं. रात्री मोजून मॅनेजरची सही घ्यायची आणि एकूण आकडा पुढच्या आठवड्यात त्याच पुठ्ठ्यावर लिहायचा.

सहकारी बझार असेल तर

हा जिल्हा सहकाराचा, त्यामुळे प्रत्येक साखळी दुकान कंपनीचंच असेल असं नाही. सहकारी ग्राहक संस्थेला सहकार कायद्याच्या कलम ६९ प्रमाणे निव्वळ नफ्यातून २० टक्क्यांपर्यंत रक्कम धर्मादाय आणि सार्वजनिक कामासाठी, ठरलेल्या मंजुरीनं, बाजूला ठेवता येते. नफ्याची विभागणी वार्षिक सर्वसाधारण सभेत होते आणि ती ३० सप्टेंबरपर्यंत व्हायची असते. तेव्हा अर्ज संचालक मंडळाकडे जुलैत द्या आणि संस्थेचा एखादा सभासद ओळखीचा असेल तर त्याला सभेत दोन वाक्यं बोलायला सांगा. इथे मॅनेजरपेक्षा चेअरमनना भेटलेलं बरं.

पुराच्या दिवसांत

२०१९ ला आणि २०२१ ला बघितलं, मदत उदंड येते, पण नको तेव्हा नको ती येते. राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगा ३९ फुटांची इशारा पातळी ओलांडते तेव्हा सगळ्या संस्था एकदम पत्रं लिहायला बसतात. ४३ फुटांच्या धोका पातळीला रस्तेच बंद असतात. दुकानाशी बोलणं मे महिन्यात करून ठेवा: पातळी वाढली तर कुणाला फोन करायचा, कोणता माल, गाडी कुणाची. यादीही दोन करा. निवारा केंद्रात चूल नसते, तिथे चिरमुरे, फरसाण, दूध पावडर, सॅनिटरी पॅड, लहान मुलांचं खाणं. पाणी ओसरल्यावर घरी परतणाऱ्याला फिनेल, ब्लीचिंग पावडर, खराटे, बादली आणि आठ दिवसांचा कोरडा शिधा. या दुसऱ्या यादीकडे कुणाचं लक्ष नसतं आणि चिखल काढताना माणसाला तीच लागते.

"एकदा दिलं, दुसऱ्या वर्षी ओळखही दाखवली नाही"

माल मिळाल्यानंतर तुम्ही काय पाठवलंत? फक्त आभाराचं पत्र आणि वाटपाचा फोटो असेल तर अडचण तिथे आहे. फोटोबद्दल माझं ठाम मत आहे. हात पसरलेल्या माणसाचा चेहरा पाठवू नका. आम्ही पातेल्याचा, कट्ट्यांच्या थप्पीचा, पानांच्या रांगेचा फोटो पाठवतो. तेवढ्यावर आजवर कुणी अडवलेलं नाही.

त्याऐवजी हिशेब पाठवा, आणि तोही सांगितलेल्या तारखेला. आवक किती, रोज खर्च किती, पानं किती, शिल्लक किती. एक पान पुरतं. शिल्लक उरली तर लपवू नका, संपली तर संपलेल्या तारखेसह लिहा.

आम्हाला मिळालेल्या ३०० किलोंपैकी तीन महिन्यांत २७६ किलो डाळ खर्ची पडली. सप्टेंबरात पाऊस लांबला, एसटी बंद होत्या, पानं कमी झाली. २४ किलो शिल्लक, असं लिहून ५ ऑक्टोबरला कागद पाठवला. आठवड्यानं मुख्य कार्यालयातल्या त्याच बाईंचा फोन आला. "मॅडम, पुढच्या तिमाहीला ही २४ किलो वजा करून धरायची, की दिवाळीत पानं वाढतात?" मी म्हटलं, दिवाळीत घरी जाता येत नाही अशीच माणसं उरतात, पण जितकी असतात तितकी रोज जेवतात. त्या म्हणाल्या, "मग दहाच कट्टे लिहा, मी पाठवते."